गुलछडी

प्रयोगशाळेत मासळीचा वास येतो, ही तक्रार नीलेशने जूनच्या तिसऱ्या आठवड्यात केली. भाविका रुजू होऊन तेव्हा बारा दिवस झाले होते. ती समुद्रकाठच्या मुरबे गावची आणि तिची आई बोंबील सुकवते, एवढी माहिती सर्वांना पुरेशी वाटली.

आमचा कारखाना तारापूरच्या औद्योगिक वसाहतीत आहे. साबण आणि अगरबत्तीसाठी लागणारी सुगंधी रसायने तिथे तयार होतात. गुणवत्ता विभागात माझ्या हाताखाली सहा माणसे होती, त्यांपैकी पाच कायम. सहावी भाविका. तिचा करार मार्चअखेर संपणार होता. मात्र मार्चमध्येच वास-चाचणीच्या पॅनलवरची एक जागा भरायची होती आणि ती कायम होती. जागेसाठी दोघींचे अर्ज आले, भाविकाचा आणि जागृतीचा. जागृती पालघरकडच्या, चिकूच्या वाड्या असलेल्या घरातली. तिला ती जागा पगारासाठी नको होती. पॅनलवर बसणाऱ्याला भट्टीच्या बाजूला जावे लागत नाही, म्हणून हवी होती.

भाविकाच्या नाकाबद्दल शंका घ्यायला वाव नव्हता. ऑगस्टमध्ये एकदा ती दोन कागदी पट्ट्या हुंगून म्हणाली, "मॅडम, ह्या दुसऱ्या ड्रमातल्याला खाली ओल्या गोणपाटाचा वास हाय." दोन तासांनी यंत्राने तीच अशुद्धी दाखवली, शून्य पूर्णांक तीन टक्के. हे कुठे शिकलीस, असे मी विचारले.

"आईने शिकवलं. बोंबील वरून सुकलेला दिसतो, पण आत ओल राहिली तर आधी नाकाला कळते. मी सहा वर्सांची असल्यापासून हुंगतंय."

"मग बरोबर," नीलेश मागून म्हणाला, "तरीच नाक इतकं ताजं."

सगळे हसले. भाविकाही हसली. नव्या माणसाने हसायचे असते, हे तिला कळत होते.

ती सकाळी दोनदा आंघोळ करी. हाताला लिंबू चोळी. आईला मदत करणे तिने बंद केले होते, आणि घरी जेवायला बसताना ती कामाचे कपडे प्लास्टिकच्या पिशवीत बांधून ठेवी. हे सर्व तिने मला सांगितले ते बोईसरला स्टेशनजवळच्या एका अत्तराच्या दुकानात. सप्टेंबरातला शनिवार होता. मी शेजारच्या दुकानात घड्याळाचा सेल घ्यायला आले होते. तिने मला हाक मारली.

दुकानदाराने तिच्या मनगटावर तीन ठिपके लावले होते. पहिला लिंबाच्या सालीसारखा, दुसरा मोगऱ्याचा. तिसरा गुलछडीचा होता, दाट, गोड, तळाशी व्हॅनिला आणि कस्तुरी असलेला.

"दीदी, ये वाला शादी में लगाओ तो बिदाई तक रहेगा," दुकानदार म्हणाला.

"मॅडम, तुमी सांगा. माशाचा वास कशाने दबेल?"

"वास दबत नाही. दोन वास एकत्र येतात, एवढंच. टिकण्याचं विचारशील तर तिसरा. त्याचे रेणू जड आहेत, सावकाश उडतात. सुती कापडात शिरले की दोन धुण्यांनीही निघत नाहीत."

तिने तिसरा घेतला. शेवटचे वाक्य तिने ऐकले की नाही, मला ठाऊक नाही. मी ते उच्चारले होते, हे मात्र निश्चित.

सोमवारी प्रयोगशाळेत दोन वास होते.

"आता बोंबलाने गजरा माळलाय," नीलेश म्हणाला.

कोणताही वास सतत अंगावर असला की दहा-पंधरा मिनिटांत नाक त्याची दखल घेणे सोडते. उत्तम नाकही सोडते. भाविकाला स्वतःचा सुगंध येईनासा झाला, म्हणून ती जागृतीला विचारू लागली. "येतो का गं?" जागृती तिच्या बाहीजवळ वाकून हुंगे आणि प्रामाणिक चेहऱ्याने मान हलवी. "छे गं भावू, मला तर काहीच येत नाही. अजून थोडा मार, बिनधास्त." मग भाविका स्वच्छतागृहात जाऊन पुन्हा फवारे. ऑक्टोबरात तिने दुसरी बाटली घेतली, डिसेंबरात तिसरी.

मासळीचा वास गेला नाही. तो मंगळवारी आणि शुक्रवारी वाढत असे. भाविका मात्र सहाही दिवस येत असे. हा फरक माझ्या लक्षात जुलैमध्येच आला होता. मंगळवारी आणि शुक्रवारी आमच्याकडे ट्रायएथिलअमाइनचे नमुने येतात. ही प्रक्रिया जूनमध्ये सुरू झाली. त्या द्रवाला माशासारखा वास असतो, हे त्याच्या सुरक्षा-पत्रकाच्या पहिल्याच पानावर छापलेले आहे, आणि त्या पत्रकावर माझ्या विभागातल्या सहाही जणांच्या सह्या आहेत. नमुने ठेवायच्या कपाटाचे दार उघडून झाकणे तपासायला मला वीस मिनिटे लागली असती. परंतु लेखी तक्रार कोणीच केली नव्हती, आणि तोंडी थट्टेचे परीक्षण करणे माझ्या कामात बसत नव्हते. शिवाय सगळे मजेत होते. एक सोडून.

पॅनलची परीक्षा चौदा मार्चला ठरली. नियमावली माझीच होती. भिंतीवर लावलेल्या कागदाचे चौथे कलम असे होते: उमेदवाराच्या अंगावर कोणताही सुगंध असता कामा नये; आढळल्यास उमेदवार बाद.

प्रत्येकीपुढे आठ संच होते. एका संचात तीन पट्ट्या, दोन सारख्या, एक वेगळी. वेगळी ओळखायची. भाविकाने आठही ओळखल्या, तेही अकरा मिनिटांत. जागृती पाचव्या संचाशी अडली होती. तिने पट्टी खाली ठेवली आणि हात वर केला.

"मॅडम, खोलीत गुलछडीचा वास येतोय. माझ्या पट्ट्या बिघडतायत."

मी उठून भाविकाजवळ गेले. तिच्या पांढऱ्या कोटाची बाही नाकाशी धरली. सहा महिन्यांची गुलछडी त्या सुतात बसली होती.

"मी नाय लावला, मॅडम. आईशपथ. दोन दिवस बाटलीला हात नाय लावला. कोट तीनदा धुतलाय."

"मला खात्री आहे."

"मग?"

"कलमात 'लावू नये' असं नाही. 'असता कामा नये' असं आहे."

तिने स्वतःची बाही नाकाला लावली. डोळे मिटून, आईने शिकवले असेल तसा, लांब श्वास घेतला. मग दुसरी बाही हुंगली. मग ओढणी.

"मला येतच नाय," ती म्हणाली.

कारखान्यातल्या सर्वांत तल्लख नाकाने दिलेले ते एकमेव चुकीचे उत्तर होते. मी तिच्या नावापुढे रेघ मारली. जागृतीची परीक्षा दुसऱ्या दिवशी पुन्हा घेतली. आठांपैकी पाच. किमान गुण पाच होते.

भाविकाचा करार एकतीस मार्चला संपला. एप्रिलच्या पहिल्या आठवड्यात वार्षिक दुरुस्तीसाठी प्रयोगशाळा बंद होती. तेव्हा नमुन्यांच्या कपाटातल्या ट्रायएथिलअमाइनच्या डब्याच्या झाकणाचे रबरी गॅस्केट चिरलेले आढळले. मी ते बदलून घेतले आणि नोंदवहीत तारीख घालून सही केली. पुन्हा काम सुरू झाले त्या मंगळवारी नीलेशने दारातच छाती भरून श्वास घेतला.

"बघा मॅडम. बोललो होतो ना? माणूस गेला, वास गेला."

जागृती हसली. इतर तिघांनी माना डोलावल्या. एकापाठोपाठ घडलेल्या दोन घटनांमध्ये कार्यकारणसंबंध असतोच असे नाही, हे मी दरवर्षी प्रशिक्षणार्थींना शिकवते. त्या दिवशी प्रशिक्षण नव्हते.

मे महिन्यात भाविका अनुभवाचे प्रमाणपत्र न्यायला आली. अत्तर लावले नव्हते. ती पुन्हा आईबरोबर कामाला बसत होती, हे तिच्या बोटांवरच्या चिरांवरून दिसत होते. मी आत ये म्हटले. ती उंबऱ्याबाहेरच थांबली.

"नको मॅडम. मी सकाळी मासळीत होते." मग आवाज खाली आणून तिने विचारले, "मी गेल्यावर इथला वास गेला का?"

प्रश्न नेमका होता. मी नेमके उत्तर दिले.

"गेला."

तिच्या चेहऱ्यावर राग नव्हता. हिशेब जुळलेल्या माणसाची शांतता होती.

"म्हंजे माझाच होता," ती म्हणाली. "मी आईला उगाच बोलत होते, की ती लोकं खोटं बोलतात म्हणून."

नोंदवही माझ्या टेबलावर उघडी होती. गॅस्केटच्या नोंदीचे पान दोन पाने मागे होते. तिने ते मागितले नाही.

मी सही करून प्रमाणपत्र पुढे केले. तिने उंबरा ओलांडला नाही. अंग बाहेरच ठेवून हात शक्य तितका लांब केला, कागद दोन बोटांच्या चिमटीत धरला, आणि तो आपल्या कपड्यांना लागणार नाही असा दूर धरून ती फाटकाकडे चालत गेली.