वय कुणी विचारलं?

अझहरभाईचं मोटारसायकलींच्या सीट कव्हरचं दुकान आहे. वय सत्तेचाळीस. गिऱ्हाईक नसलं की तो मोबाइलवर एक जपानी मालिका बघतो. तिचा नायक कुनिहारू पंचेचाळिशीचा. लढाईनंतर राक्षसांची मढी उचलणं हे त्याचं काम. वय जास्त म्हणून त्याला लढणाऱ्या पथकात घेत नाहीत. तरी राक्षस आला की हाच पुढे होतो आणि म्हणतो, "वय कुणी विचारलं?" भाईही तेच म्हणतो, गुडघा धरून उठताना.

मालिकेच्या चाहत्यांनी शाहूपुरीतल्या हॉलमध्ये वेशभूषा स्पर्धा ठेवली. भाईने रेक्झिन आणि फोमचं कुनिहारूचं कवच शिवलं. ते बघून विश्वजित नावाच्या कॉलेजातल्या मुलानेही त्याच्याकडून तसंच करून घेतलं.

स्पर्धेला मी, भाईची धाकटी बहीण, सोबत गेले. दारात आयोजकांचा बिल्ला लावलेली तेजस्वी उभी होती.

"पावणं, पालकांनी मागं बसायचं हाय."

"पालक न्हाय. मी कुनिहारू हाय."

ती हसली. "काका, पंचविसाच्या आतलेच घेतोय. नियम हाय की."

"अगं, कुनिहारू सोता पंचेचाळीसचा हाय!" मी म्हटलं.

"ते मालिकेत, ताई."

तिच्या मागे विश्वजित आरशासमोर बसला होता. केसांना पावडर लावून झाली होती. आता तो पेन्सिलने कपाळावर सुरकुत्या काढत होता. भाईच्या कपाळावर त्या आयत्या होत्या. भाई मागे वळला. कवच घालूनच मागच्या खुर्चीवर जाऊन बसला. मला मात्र बसवेना.

थोड्या वेळाने तेजस्वी पळत आली. "सीट कव्हरवालं काका, चला की लवकर! विश्वजितची शिवण उसवली."

पोट सुटलेलं दिसावं म्हणून पठ्ठ्याने आत उशी कोंबली होती. भाईने खिशातून सुई-दोरा काढला. मी त्याच्या हातातली सुई ओढून घेतली.

"शिवायलाबी पंचविसाच्या आतलाच हुडका!"

तेजस्वी खाली बघू लागली. विश्वजित उशी धरून उभा राहिला.

"नजीरा, सुई दे," भाई म्हणाला. "शिवण माझी हाय. लोकांसमोर फाटली तर लाज माझी जाईल."

गुडघा धरत तो खाली बसला आणि त्याने टाके घातले. काम झाल्यावर तेजस्वी म्हणाली, "थँक्यू काका. आता मागं बसा."

विश्वजित स्टेजवर गेला. शिट्ट्या, टाळ्या. उशीवर हात ठेवून त्याने माइक ओढला. आता तो काय म्हणणार हे सगळ्या हॉलला ठाऊक होतं, म्हणून सगळा हॉल त्याच्याबरोबर ओरडला, "वय कुणी विचारलं?"

माझ्या शेजारी भाईचेही ओठ हलले.

मी खुर्चीवर चढले.

"दारात विचारलं!" मी ओरडले. "तुम्हीच विचारलं!"