लिंबात बुडवलेली कवडी

मी बोलतेय, राणीसावरगावच्या दगडाबाईच्या गळ्यातल्या माळेतली एक कवडी. ऐकायचं तर ऐका, नाही तर राहू द्या. ऐकून माणसं शहाणी होतात असा माझा अनुभव नाही. "फुटकी कवडी देणार नाही", "कवडीमोल भावात गेलं", असं तुम्ही उठता-बसता बोलता. एके काळी तुमचे पूर्वज आम्हाला मोजून मीठमिरची घ्यायचे, आणि आता आमच्याच नावानं नाकं मुरडता!

मी मालदीवची. तिथल्या बाया कंबरभर पाण्यात उभ्या राहायच्या आणि तिथं टाकून ठेवलेल्या माडाच्या झावळ्यांना चिकटलेल्या आम्हाला वेचून काढायच्या. मग वाळूत पुरायच्या, आतला जीव कुजून जाईपर्यंत. त्याला जन्म म्हणायचं की मरण, ते तुम्ही ठरवा. नंतर जहाज. रिकामं जहाज डुलतं, म्हणून त्याच्या तळाशी आम्हाला ओतायचे, बंगालला उतरवायचे आणि परत जाताना तांदूळ भरून न्यायचे. अरब आले, गुजराती आले, मागाहून गोरे आले. व्यापारानं म्हणे माणसं एकमेकांच्या जवळ येतात. आली की! माझ्या लाखो बहिणी आफ्रिकेच्या किनाऱ्यावर उतरवल्या आणि त्यांच्या बदल्यात धडधाकट माणसं साखळदंडात बांधून नेली. माणसाचा भाव शिंपल्यात करणारे हे लोक, आणि हलक्या कोण, तर आम्ही. थू तुमच्या व्यापारावर!

माझ्या नशिबी दुसरी वाट होती. कोकणच्या बंदरातून मिठाच्या गोणीत पडले, लमाणांच्या बैलावर बसून घाट चढले. आधी एका लमाणीच्या ओढणीवर, मग बाजारात, मग कुण्या आराधिणीनं माझी पाठ घासून मला माळेत ओवलं. ज्यांनी समुद्र कधी डोळ्यानं पाहिला नाही, त्यांनी मला तुळजापूरच्या आईचं लेणं केलं. "कुठून आलीस गं बाई?" असं एकानंही विचारलं नाही. विचारलंच तर म्हणतात, "पहिल्यापासून आपलीच आहे." यांचं 'पहिल्यापासून' म्हणजे आजीपासून.

दगडाबाईला ही माळ तिच्या सासूकडून मिळाली. तिची लेक नीलम चार वर्षांची होती आणि सात दिवस तापानं फणफणली होती. दगडाबाईनं ही माळ गळ्यात घातली आणि देवीला नवस केला, "लेकरू वाचू दे, मी जन्मभर तुझा जोगवा मागते." नीलम वाचली. मी वाचवली नाही, बरं का. गंगाखेडच्या डॉक्टरनं सलाईन लावलं होतं, मी गळ्यात लोंबत सगळं पाहत होते. पण माणसाला सांगून काय उपयोग! तेव्हापासून चाळीस वर्षं दर मंगळवारी, शुक्रवारी हातात परडी घेऊन दगडाबाई पाच घरी जोगवा मागते. "आई राजा उदो उदो!" म्हणते, आणि घरातल्या बाया तिच्या पाया पडतात. तिच्या घामानं माझा रंग गेला, तिच्या हळदीनं मी पिवळी झाले.

यंदा तिचे गुडघे पार गेले. नवरात्रात माळ सुनेच्या, सविताच्या गळ्यात घालायची असं तिनं ठरवलं. तर तिचा लेक बालाजी ताडकळसच्या बाजारातून नवी माळ घेऊन आला. कवड्या कशा, एकसारख्या, पांढऱ्याशुभ्र, चकचकीत. अहो, प्लॅस्टिक! मी एका नजरेत ओळखलं.

"माय, ती काळपट माळ कशाला घालती सविताच्या गळ्यात? ही बघ, अस्सल समुद्राची हाय," बालाजी म्हणाला.

दगडाबाईनं नवी माळ हातात घेऊन तोलली. "लय हलकी हाय रे. खोटी दिसायली."

"खोटी? थांब, आत्ता दाखवतो."

बालाजीचं किराणा दुकान. गुळात सोडा मारलाय का, हे तो लिंबू पिळून पाहतो. फेस आला की गूळ खोटा, व्यापाऱ्याला परत. गावात त्याच्या या परीक्षेचा मोठा दबदबा. एवढीच काय ती विद्या, ती त्यानं आम्हाला लावली. दोन वाट्यांत लिंबं पिळली. एकीत नव्या माळेचं टोक सोडलं, दुसरीत आमचं. मी त्यात होते.

अंगाची आग झाली. अस्सल शिंपला आहे मी, आंबट लागलं की माझ्यातून बुडबुडे निघणारच! शेजारच्या वाटीत प्लॅस्टिक मात्र ढिम्म पडून होतं.

"बघ, बघ माय! तुझ्या माळेला फेस यायलाय! चुन्याची हाय ही. आज्जीला कुनीतरी फशिवलं. माझीला काई झालं का? ही खरी."

सविता म्हणाली, "नवीनं मान बी दुखायची न्हाई, आत्याबाई." तिला तेवढंच महत्त्वाचं.

मी दात विचकून बघत राहिले. दात आहेत मला तोंडभर, आवाज नाही. आता ही म्हातारी ओरडेल, वाटी भिरकावून देईल, असं मला वाटलं. ती मटकन खाली बसली.

"म्हंजी चाळीस वर्सं मी खोटी माळ घालून दारोदार उदो म्हनत हिंडले? बाया पाया पडायच्या रे माझ्या. नव्या नवऱ्या पडायच्या. त्यांचं पाप कुनाच्या डोस्क्यावर?"

तिच्या डोळ्यांतून पाणी गळायला लागलं. जन्मभर मी माणसांना नावं ठेवली, पण त्या दिवशी ओरडावंसं वाटलं, अगं वेडे, मीच खरी आहे, हा गुळविक्या गाढव आहे!

मग तिनं पदरानं डोळे पुसले.

"बालाजी, नीलमला ताप होता तवा माझ्या गळ्यात कोन्ती माळ होती?"

"हीच."

"आन् नीलम?"

"परभणीला हाय की, दवाखान्यात नर्स."

"मग सविताला नवी घाल बाबा, खरी हाय तर. माझी खोटी मला दे."

तिनं मला वाटीतून काढलं, साध्या पाण्यानं धुतलं, पदरानं पुसलं आणि पुन्हा गळ्यात घातलं. घटस्थापनेला सविता चकचकीत माळ घालून बसली. "काय गं बाई झळकायलीय!" म्हणत अख्खी गल्ली प्लॅस्टिकच्या पाया पडून गेली. पडा! तुमची लायकी तेवढीच.

आता माझी चकाकी गेलीय, अंग खरखरीत झालंय. माझा वारसा इथंच संपला. बंदरात, बाजारात, देव्हाऱ्यात पुष्कळांनी मला जवळ केलं ते खरी म्हणून. खोटी समजूनही गळ्यात घालणारी ही एकटीच बाई भेटली. तिच्यापुढं माझा तिरस्कार चालत नाही, आणि त्याची मला लाज वाटते.

एकच सांगणं आहे. दगडाबाई गेली की बालाजी मला गंगेत, म्हणजे इथल्या गोदावरीत, सोडायला निघेल. म्हणेल, खोटी असली तरी देवीची माळ, उकिरड्यावर कशी टाकायची; आणि ही गंगा जाते थेट समुद्राला. त्याला अडवा. मी समुद्र पाहिलाय, मला तिकडं जायचं नाही. तिला सरणावर ठेवाल तेव्हा माळ काढू नका.