नाही म्हणणारा रिले

मित्रांनो, मी एक जुना रिले आहे, म्हणजे विजेनेच उघडमीट होणारा स्विच. विजेवर चालणाऱ्या मोठ्या यंत्राचे झाकण उघडले की वायरींच्या गुंत्यात काळ्या डबीसारखा कोणीतरी बसलेला दिसतो. तोच मी, किंवा माझा एखादा भाऊबंद. आमच्याकडे कोणी फारसे पाहत नाही. तरीही मी माझी ओळख मान ताठ ठेवूनच करून देतो, कारण माझ्याकडे मोठ्या जबाबदारीचे काम आहे. मी नकार देतो.

नकार म्हणजे हट्ट नव्हे. हट्टी माणूस काहीही विचारले तरी मानच हलवतो. मी तसा नाही. जे विधान माझ्यापुढे येते ते खरे असेल तर माझा नकार खोटा ठरतो, आणि ते खोटे असेल तर माझा नकार खरा ठरतो. दोन्ही एकाच वेळी खरे नाहीत, दोन्ही एकाच वेळी खोटेही नाहीत. या दोन वाक्यांत माझे सगळे आयुष्य आले.

माझी रचना साधी आहे. आत तांब्याच्या बारीक तारेचे वेटोळे, त्यावर एक लवचीक पाती, पातीला ओढून धरणारी स्प्रिंग आणि पातीच्या वर-खाली दोन टोके. वेटोळ्यात वीज आली की ते पातीला खाली ओढते. वीज गेली की स्प्रिंग पातीला वरच्या टोकाला नेऊन टेकवते. वरच्या टोकाला लाल दिवा जोडला, तर वेटोळ्यात वीज असताना दिवा बंद आणि वेटोळ्यात वीज नसताना दिवा चालू. सगळे उलटे.

माझा जन्म एका छोट्या कारखान्यात झाला. तिथे एक काकू तारा गुंडाळायच्या. त्यांची बोटे इतकी हलकी होती की केसाएवढी तार कधी तुटली नाही. तपासणीच्या टेबलावर नवीनच लागलेल्या एकाने मला वीज दिली आणि दिवा विझलेला पाहून मला बादच्या खोक्यात टाकले. काकूंनी मला उचलून परत टेबलावर ठेवले आणि त्याला म्हणाल्या, "अरे, उलटं सांगणं हीच याची नोकरी आहे. सरळ सांगायला लागला की मग बाद कर." आयुष्यात मला मिळालेले ते पहिले प्रशस्तिपत्र.

तिथून मी एका छापखान्यात आलो. छापखाना एका कुटुंबाचा होता. दादा पुढच्या खोलीत बसून गिऱ्हाईक सांभाळायचे. त्यांची बहीण मागच्या खोलीत कागद कापायची. तिला सगळे ताई म्हणत. घरातली वायर, पंखा, यंत्र, काहीही बिघडले की या भावंडांचे मामा यायचे. मामा जुने वायरमन. खिशात टेस्टर नसेल तर त्यांना कपडे घातल्यासारखे वाटत नसे, असे ताई म्हणायची. मला कटिंग मशीनच्या पॅनेलमध्ये बसवले ते मामांनीच.

कटिंग मशीन तुम्ही पाहिले नसेल तर सांगतो. कमरेइतक्या उंचीचे लोखंडी टेबल, त्यावर कागदांचा गठ्ठा, गठ्ठ्यावर दाबपट्टी आणि तिच्यामागून खाली उतरणारे लांबलचक पाते. वीतभर जाडीचा गठ्ठा हे पाते लोण्यासारखा कापते. म्हणून टेबलाच्या दोन टोकांना दोन बटणे असतात, एक डाव्या हाताला, एक उजव्या. दोन्ही तळहातांनी दोन्ही बटणे दाबून धरली तरच पाते उतरते. हात बटणांवर असले म्हणजे ते पात्याखाली नसतात.

मामांनी ती दोन बटणे एकामागे एक जोडून त्यांची वीज माझ्या वेटोळ्याला दिली. म्हणजे माझ्यापुढे येणारे विधान असे होते: डावा हात बटणावर आहे आणि उजवा हात बटणावर आहे. मधल्या त्या 'आणि'मुळे दोन साध्या विधानांचे एक संयुक्त विधान झाले. ते खरे असले की मी पाती खालच्या टोकाला टेकवायचो, मोटरला वीज मिळायची आणि पाते सुटायचे. ते खोटे झाले की माझी पाती वर जायची, ब्रेकला वीज मिळायची, लाल दिवा लागायचा आणि पाते जागच्या जागी थांबायचे.

आता हे विधान खोटे केव्हा होते? डावा हात उचलला तरी होते. उजवा उचलला तरी होते. दोन्ही उचलले तर होतेच. 'आणि' फार कडक असतो. त्याला एकाचीही गैरहजेरी चालत नाही. म्हणून त्याचा नकार फार सावध असावा लागतो. एक जरी हात निघाला तरी मला 'नाही' म्हणावे लागे, आणि मी ते डोळ्याचे पाते लवायच्या आत म्हणत असे.

ताईने माझ्या या सवयीवर आपली स्वतःची एक पद्धत बसवली होती. पातळ कागद कापताना वरचा एखादा कागद पंख्याच्या वाऱ्याने दुमडायचा. दुसरे कोणी असते तर पाते पूर्ण उतरून वर जाईपर्यंत थांबले असते आणि तो गठ्ठा वाया गेला असता. ताई मात्र उजवा हात उचलायची. पाते जिथल्या तिथे थांबायचे. ती कागदाचा कोपरा सरळ करायची, हात परत बटणावर ठेवायची, पाते पुढे उतरायचे. या सगळ्यात तिचे डोळे दिव्याकडे कधी गेले नाहीत. तिचा हातच मला ओळखत होता. इतका विश्वास किती जणांच्या वाट्याला येतो? माझ्या वाट्याला आला.

कौतुक मात्र पात्याचे व्हायचे. गिऱ्हाईक कडा चाचपून म्हणायचे, काय सुरेख कापलंय. मला त्याचे वाईट वाटले नाही. पाते कापते तेव्हा दिसते. मी अडवतो तेव्हा काहीच घडत नाही, आणि न घडलेल्या गोष्टीची शाबासकी कोण देणार?

वर्षे गेली. माझ्या खालच्या टोकावर काजळी धरली. कधी कधी दोन्ही बटणे दाबूनही पाते उतरेना. ही माझी कसूर होती, कारण 'दोन्ही बटणे दाबली तर पाते उतरेल' हा शब्द मी दिला होता, आणि बटणे दाबली आहेत पण पाते उतरत नाही, असे झाले की तो शब्द मोडतो. तो मोडण्याचा दुसरा कोणताच मार्ग नाही. एक हात उचलल्यावर पाते थांबले तर त्यात शब्द मोडत नाही. दादांनी मात्र दोन्ही एकाच तक्रारीत घातले. मशीन सारखं अडतं, हा रिले म्हातारा झालाय, बदलून टाका, असे त्यांनी मामांना सांगितले. एका मोठ्या ऑर्डरचा कागद येऊन पडला होता आणि त्यांना घाई होती.

झाकण काढून टोके पुसली असती तर काम भागले असते. पण घाईत पुसण्यापेक्षा बदलणे सोपे वाटते. मामांनी मला काढून खिडकीतल्या स्क्रूच्या डब्यात टाकले. वाकड्या खिळ्यांच्या आणि तुटक्या वॉशरच्या पंगतीत मी पडलो. डब्याला झाकण नव्हते, एवढेच बरे. समोर मशीन दिसत होते.

मामांनी माझ्या जागी दोन नवे रिले आणले, एकेका बटणाला एकेक. चालू करण्याची वाट वेगळी आणि थांबवण्याची वेगळी, अशी नवी जोडणी त्यांनी ठरवली. दोन्ही बटणे दाबली की पाते सुटावे आणि ब्रेकला वीज मिळेपर्यंत चालत राहावे. मग ब्रेकला वीज केव्हा द्यायची? मामांनी सरळ हिशेब केला. दोन्ही हात असले की चालायचे, तर दोन्ही हात नसले की थांबायचे. म्हणून त्यांनी दोन नव्या रिलेंचे नकार, म्हणजे त्यांची वरची टोके, ब्रेकच्या वाटेवर एकामागे एक बसवले. एकाच गल्लीत दोन फाटके असावीत आणि दोन्ही उघडल्याशिवाय पलीकडे जाता येऊ नये, तसे.

डब्यातून मला सगळे दिसत होते. नवे रिले चांगले होते, आपापले 'नाही' चोख म्हणत होते. जोडणी चुकली होती. मामांनी चाचणी घेतली. दोन्ही बटणे दाबली, पाते उतरू लागले. दोन्ही सोडली, पाते थांबले, लाल दिवा लागला. मामांनी हात झटकले आणि ताईला म्हणाले, घे तुझं मशीन. ताईने गठ्ठा लावायला घेतला.

मला ताईचा उजवा हात दिसत होता. तो अजून मलाच ओळखत होता. मी पॅनेलमध्ये नाही, हे त्याला कोणी सांगितले नव्हते.

त्या दिवशी कोपऱ्यातल्या टेबलावर दादांची बायको बसली होती. ती कॉलेजात गणित शिकवायची आणि घरी गडबड असली की उत्तरपत्रिका घेऊन छापखान्यात यायची. इथे मशीनचा आवाज असतो पण कोणी भाजी चिरायला सांगत नाही, असे तिचे म्हणणे. तर तपासता तपासता तिने पेन टेबलावर टाकले.

"ताई, ऐका जरा. 'दोन्ही दिवे लागले आहेत' याचा नकार विचारलाय. अख्ख्या वर्गाचं एकच उत्तर. 'दोन्ही दिवे विझले आहेत.'"

ताई गठ्ठा ठोकून सारखा करत म्हणाली, "कॉपी केली असेल, वहिनी."

"कॉपी करणारे निदान हुशाराची तरी करतात."

मामा पॅनेलचे झाकण लावत होते. मान वर न करता ते म्हणाले, "मग चुकलं कुठे, सूनबाई? बरोबरच लिहिलंय पोरांनी."

वहिनी हसली. सासरच्या माणसाला चूक म्हणायचे नाही, पण गणितात सोडायचेही नाही, असा तिचा बेत दिसला. "मामा, समजा एक दिवा लागलाय आणि एक विझलाय. 'दोन्ही लागलेत' हे खरं का?"

"खोटं."

"बरं. आणि 'दोन्ही विझलेत' हे?"

मामांनी एक बोट उभे केले, एक मिटले. मग हळूच म्हणाले, "तेही खोटंच."

"म्हणजे विधानही खोटं आणि त्याचा नकारही खोटा. असा कसा नकार? एक जरी विझला तरी पहिलं वाक्य मोडतं ना? मग नकार एवढाच, की निदान एक दिवा विझला आहे."

मामांचा स्क्रूड्रायव्हर शेवटच्या स्क्रूवर थांबला. तिकडे ताईने दोन्ही बटणे दाबली होती. पाते उतरत होते. वाऱ्याने वरचा कागद दुमडला आणि ताईचा उजवा हात, नेहमीसारखा, बटणावरून निघाला.

पाते उतरतच राहिले. मामांनी स्क्रूड्रायव्हर टाकला. त्यांनी भिंतीवरचा मेन स्विच खाली ओढला.

मशीनचा आवाज बसला. पाते थांबले. ताईची बोटे दाबपट्टीच्या कडेशी कागदाचा कोपरा धरून होती आणि पाते त्यांच्यावर बोटभर अंतरावर होते. तिला काहीच कळले नव्हते. तिने मागे वळून विचारले, "मामा, लाइट का घालवली?"

"पोरी, आधी हात काढ."

तिने हात काढला. मग पात्याकडे पाहिले. मग स्वतःच्या दुसऱ्या हाताकडे, जो एकटाच बटण दाबून होता. ती कागदाच्या रिमवर बसली आणि बराच वेळ एका हाताने दुसऱ्या हाताची बोटे चोळत राहिली.

मामा सगळ्यांसमोर म्हणाले की जोडणी आपली चुकली. आपण चाचणी दोनच घेतल्या, सगळे हात आणि एकही हात नाही. मधल्या दोन घेतल्याच नाहीत. वहिनीने पुठ्ठ्याच्या तुकड्यावर चार ओळी काढल्या: दोन्ही हात, फक्त डावा, फक्त उजवा, एकही नाही. पहिल्या ओळीपुढे 'चालेल' लिहिले, उरलेल्या तिन्हीपुढे 'थांबेल'. आणि म्हणाली, "मामा, मी तर हे दरवर्षी शिकवते. तुमची चाचणी माझ्या डोळ्यांदेखत झाली. मला तरी कुठे दिसलं?"

आवाज थांबला म्हणून दादा आत आले. ऑर्डरचे काय, असे त्यांनी विचारले. वहिनीने पात्याकडे बोट दाखवले. त्यांनी बहिणीचा चेहरा पाहिला, पुढच्या खोलीत गेले आणि गिऱ्हाइकाला फोन करून सांगितले की आज माल मिळणार नाही. असा चोख नकार मी त्यांच्या तोंडून त्याआधी ऐकला नव्हता.

मामांनी डब्यातून मला शोधून काढले. स्वच्छ फडक्याने माझी टोके पुसली, पातीची स्प्रिंग बोटाने दाबून पाहिली. दोन्ही बटणे पुन्हा एकामागे एक जोडून त्यांनी माझ्या वेटोळ्याला दिली. नवे रिले जपून ठेवले, माझ्यानंतर त्यांचीच पाळी आहे. ब्रेकच्या वाटेवर ते एकामागे एक नव्हे, शेजारीशेजारी लावायचे, दोघांपैकी कोणाच्याही वाटेने वीज पोचली पाहिजे, हे मामांनी पॅनेलच्या आतल्या बाजूला लिहून ठेवले आहे.

मग पात्याखाली पुठ्ठ्याची गुंडाळी ठेवून चाचणी झाली. चारही ओळींची. मधल्या दोन ओळी ताईने स्वतः घेतल्या. डावा उचलला, मी 'नाही' म्हटले. उजवा उचलला, मी 'नाही' म्हटले. पुठ्ठ्यावर ओरखडाही आला नाही. ताईने पॅनेलवर दोनदा थोपटले. पुढे बरीच मोठी माणसे यंत्र पाहायला आली, पण मला त्या थोपटण्याएवढे मोठे काही वाटले नाही.

मित्रांनो, तुमच्या आसपास असे अडवणारे पुष्कळ असतात. दार लागल्याशिवाय न हलणारी लिफ्ट असते, झाकण उघडताच थांबणारा मिक्सर असतो. घरात एखादे माणूसही असते. ते अडले की चिडू नका, त्यांना काढून टाकू नका. आधी ते कशाला 'नाही' म्हणत आहेत ते नीट वाचा. 'हे आणि ते' याला नकार द्यायचा असेल तर दोन्ही मोडावे लागत नाही, एक मोडले तरी पुरते. 'हे किंवा ते' याला नकार द्यायचा असेल, तर मात्र हेही नाही आणि तेही नाही, असे दोन्हीकडे पाहून सांगावे लागते. आणि तपासायला बसाल तेव्हा फक्त पहिली आणि शेवटची ओळ पाहून उठू नका. माणसांची बोटे मधल्या ओळींत असतात.

माझे मागणे फार नाही. अधूनमधून झाकण उघडून टोकांवरची काजळी पुसा. बाकी 'नाही' म्हणायचे माझ्यावर सोडा.