पाचपदरी दार

अनंत करमरकरांनी पार्ल्याच्या बिऱ्हाडात न्हाणीघराला प्लायवूडचं दार बसवलं, तेव्हा त्यांच्या बायकोने, पद्मजाने, एवढंच विचारलं, की पत्र्याच्या दारानं काय वाईट केलं होतं. अनंतरावांना तो प्रश्नच मागासलेला वाटला. ऑफिसात साहेबांची नवी खोली प्लायवूडची झाली होती. पाच पदर, एकाच्या शिरा उभ्या तर दुसऱ्याच्या आडव्या, तेव्हा हे लाकूड वाकणं शक्यच नाही, असं ते आल्यागेल्याला पटवत. बाहेरून त्यांनी स्वतः आकाशी तेलरंगाचे दोन हात दिले. आतून कोण बघतंय, म्हणून एकही दिला नाही.

श्रावणात चिपळूणहून सासरे आले. अण्णा म्हणजे निवृत्त गणितमास्तर. त्यांनी मनसोक्त आंघोळ केली, कडी काढली आणि दार ढकललं. ते हललं नाही. पाणी पिऊन फुगलं होतं आणि चौकटीत गच्च बसलं होतं. अनंतरावांनी बाहेरून ओढलं, तर मूठ हातात आली.

आत अण्णांना खालच्या कडेला एक पापुद्रा सुटलेला दिसला. त्यांनी तो ओढला. सरस विरघळल्यामुळे तो पुरणपोळीसारखा अलगद निघाला.

"अनंतराव, एक पदर निघाला," आतून आवाज आला.

"अण्णा, अजून चार आहेत. काळजी नको," अनंतराव म्हणाले. त्यांना त्याही वेळी अभिमानच वाटत होता.

अण्णा गणिती माणूस. हाती घेतलेलं अर्धवट सोडत नसत. दुसरा गेला, तिसरा गेला. चौथा लोंबायला लागला तसा अनंतरावांचा धीर सुटला.

"अण्णा, आता थांबा. पुढच्याला रंग आहे."

"आणि मी पंच्यावर आहे," अण्णा शांतपणे म्हणाले, आणि आकाशी रंगातून त्यांचा हात कोपरापर्यंत बाहेर आला. पद्मजाने त्या हातात कोरडं धोतर दिलं. मग ती स्वयंपाकघरात गेली आणि ओट्याला धरून हसत बसली.

पत्र्याचं दार येईपर्यंत तिथे गोणपाट लावलं. आत जाणाऱ्यानं गात राहायचं, म्हणजे दुसरा कोणी घुसणार नाही, असं ठरलं. अण्णांना गाणं येत नव्हतं. ते एकोणतीसचा पाढा म्हणत, आणि अंगाला साबण लावताना हमखास चुकत. मग शेजारच्या सुनंदाबाई भिंतीपलीकडून तो दुरुस्त करत.