दगड धुवायची वेळ

न्यायाधीशबाईंनी चष्मा काढला आणि खटला उभा राहण्याआधीच बंद करून टाकला. मास्तर आदालबेर्तोच्या खुनाला साक्षीदार एकच, पिस्तूल सापडलेलं नाही, तेव्हा आरोपी विल्बेर याला सोडण्यात येत आहे, पण तात्पुरतं. वर्षभरात नवा पुरावा आला, तर प्रकरण पुन्हा उघडेल. 'तात्पुरतं' हा शब्द कायद्याच्या पुस्तकात मोठा शहाणा दिसतो. सान लासारोसारख्या गावात तो जिवावर उठतो, कारण सुटलेल्या माणसाला वर्षभर एवढंच बघायचं असतं की कोणी तोंड उघडू नये.

मागच्या बाकावर चोना बसली होती. गावची मक्याची गिरणी तिची; लहानथोर तिला मानाने 'निन्या' चोना म्हणत, म्हणजे चोनाबाई. अर्धं गाव आलं होतं म्हणून तीही आली. न येती तर उलट डोळ्यांवर आली असती. कागदावरची 'साक्षीदार चमेली' म्हणजे ही चोना, हे सरकारी वकिलाशिवाय कोणाला ठाऊक नव्हतं. जबाब देताना तिच्या तोंडावर बुरखा होता, आवाज यंत्रातून बदललेला होता. नाव नाही, पत्ता नाही, सगळं कसं चोख.

मग कारकून निकाल वाचू लागला, भरभर, नाकातून. "साक्षीदार चमेली सांगते की, दगड धुवायच्या वेळेला विल्बेर मास्तरांच्या मागोमाग गल्लीत शिरला..."

कोणीतरी बाई फिसकन हसली. सवयीने हसली. चोनाच्या गिरणीत घड्याळ नव्हतं. पहिलं दळण, दुसरं दळण, मग गिरणीचे दगड धुवायची वेळ, असा तिचा दिवस चालायचा, आणि "निन्या चोना, रविवारची प्रार्थना दगड धुवायच्या आधी की नंतर?" म्हणून गाव तिची टिंगल करायचं. हसणारीने अर्ध्यावरच तोंडावर हात दाबला. कारकुनाने जबाब शब्दन् शब्द उतरवला होता. काम चोख केलं होतं मेल्याने!

विल्बेर खुर्चीत हळूच मागे वळला. रागावलेला नव्हता. बाकावरच्या बायका एकेक करून बघत गेला, चोनापाशी थांबला आणि अदबीने मान लववली.

दुसऱ्या दिवशी सकाळी गिरणीवर रांग होती, पण बोलणं नव्हतं. बायकांच्या मधोमध, चुन्यात शिजवलेल्या मक्याची परात घेऊन विल्बेर उभा होता. त्या गावात पुरुष दळणाला येत नाही. आलाच तर त्याला जन्मभर चिडवतात. त्याला कोणी चिडवलं नाही.

"आईने पाठवलं," तो म्हणाला. "बारीक काढा हं, निन्या चोना. तिला दात नाहीत."

"ठेव तिथं."

"सावकाश होऊ द्या. आता काय, मोकळाच आहे मी." पीठ पडेपर्यंत तो भिंती न्याहाळत राहिला. "इथं घड्याळ नाही का हो? फार पंचाईत होत असेल तुमची."

"सवय आहे, पोरा."

"हो ना. सवय काही सुटत नाही माणसाची."

परात उचलून, रांगेतल्या म्हातारीला आधी वाट देऊन तो गेला. चोनाने तिथल्या तिथे शहरात फोन लावला. सरकारी वकील न्याहारी करत होता. माणूस वाईट नव्हता, हे कबूल केलं पाहिजे.

"त्याला कळलंय," चोना म्हणाली. "मला इथून घेऊन जा. शब्द दिला होतात तुम्ही."

"निन्या चोना, संरक्षण खटल्यापुरतं असतं. खटलाच राहिला नाही, तर साक्षीदार कुठून राहणार? चमेली म्हणून आता कोणी नाहीच."

"पुन्हा उघडेल म्हणालात ना?"

"नवा पुरावा आला तर."

"आणि त्याने मला मारलं तर?"

पलीकडे घास चावायचा आवाज थांबला. "तर तो वेगळा गुन्हा, वेगळं प्रकरण," तो हळू आवाजात म्हणाला. "त्याला दुसरा साक्षीदार लागेल."

चोनाने फोन ठेवला. रांगेत नऊ बायका होत्या. प्रत्येकीने विल्बेरला पाहिलं होतं, त्याचा शब्दन् शब्द ऐकला होता.

"पुढची कोण?" चोनाने विचारलं.

नऊही जणी आपापल्या परातीतला मका निरखत राहिल्या.