मंगळवारपुरतं दुखणं

मित्रांनो, तुम्ही उभ्याने ऐकलंत तरी चालेल. मी एक जुनी चाकांची खुर्ची आहे, आणि माझ्यावर बसायची वेळ कुणावर न आलेलीच बरी. माझी उमेद एका दवाखान्यात गेली. पुढे भंगारात निघाले होते, तेवढ्यात शनिवार पेठेतल्या बापूरावांनी मला उचललं. नवी गादी शिवली, पाठीवर पांढऱ्या रंगात दुकानाचा नाव-पत्ता लिहिला आणि खाली लिहिलं, 'आठवणीने परत करावी.' तेव्हापासून मी भाड्याने जाते.

माणूस बसला की मला कळतो. खरा आजारी अवघडून बसतो आणि ढकलणाऱ्याला 'तुम्हाला त्रास' असं दहादा म्हणतो. खोटा आजारी मांडवात व्याह्यांनी बसावं तसा बसतो.

गेल्या हिवाळ्यात आनंद नावाचे एक वकील दुकानात आले.

"पेशंटला काय होतंय?" बापूरावांनी विचारलं.

"मंगळवारी तारीख आहे."

"म्हणजे मंगळवारपुरतं दुखणं. मग डावं चाक कुरकुरतं, ते चालेल."

पेशंट होत्या हडपसरच्या यमुनाबाई. त्यांची सून स्वराली सासरीच मरण पावली होती. लग्नाला तीन वर्षंही झाली नव्हती. हुंडाबळीचा गुन्हा दाखल झाला, मुलगा सूरज येरवड्याच्या तुरुंगात गेला आणि यमुनाबाईंनी अटकपूर्व जामीन मागितला. कोर्टाने तात्पुरतं अभय दिलं होतं, पक्कं मंगळवारी ठरणार होतं. बाईमाणूस, वयस्कर, आजारी, असं काही असलं की जामीन देताना कायदा जरा मऊ होतो. बाई त्या होत्याच, वयही झालं होतं. आजार तेवढा भाड्याने आणायचा राहिला होता.

अंगणात तालीम झाली. मान डावीकडे, हात थरथरता, पाय निर्जीव.

"आन् माशी बसली तर?" यमुनाबाईंनी विचारलं.

"बसू द्यायची," वकील म्हणाले.

मध्येच मांजर दुधाकडे निघालं. बाई उठल्या, त्याला फाटकापर्यंत पिटाळून आल्या आणि पुन्हा बसून आजारी झाल्या.

मंगळवारी मी कोर्टात. मागच्या बाकावर स्वरालीचे वडील नागोराव बसले होते. कारखान्यात काम मिळालं म्हणून यवतमाळकडून हडपसरला आलेला, अंगाने काटकुळा माणूस. यमुनाबाई सुटल्या तर आपल्या बाजूने बोलणारे शेजारीपाजारी गप्प होतील, एवढीच त्यांना धास्ती.

सरकारी वकील शेफाली मॅडमनी स्वरालीचा निरोप वाचून दाखवला. मरणाच्या आदल्या दिवशी तिने वडिलांना पाठवलेला. 'बाबा, चारचाकी आली नाही तर नांदवणार नाही म्हणतात. सासूबाई जेवायला देत नाहीत.'

आनंद वकील उठून न्यायाधीशांना म्हणाले, "मॅडम, रागाच्या भरात मुली काहीही लिहितात. माझ्या पक्षकारांकडे पाहा. स्वतःच्या पायावर त्या उभ्याही राहू शकत नाहीत."

न्यायाधीश मॅडमनी माझ्याकडे पाहिलं. लेखणी थबकली. बाईंनी हात छान थरथरवला. मागे नागोरावांनी डोळे मिटून घेतले.

तेवढ्यात दार ढकलून आप्पासाहेब आत आले. यमुनाबाईंचे थोरले दीर, धाप लागलेले, भावजयीच्या काळजीने पायऱ्या चढून आलेले. आणि मित्रांनो, चाळीस वर्षांची सवय कुठल्या वकिलाला ऐकते? थोरले दीर समोर आणि आपण बसलेलो? यमुनाबाई ताडकन उठल्या, डोक्यावरून पदर घेतला, तीनदा वाकून पाया पडल्या आणि मला त्यांच्याकडे सरकवून म्हणाल्या, "आप्पा, दमलाय की. बसा हितं."

आप्पासाहेब बसले. "तुला बरं न्हाई म्हनले हुते. चांगली हायेस की."

आनंद वकील कागदात तोंड घालून काहीतरी शोधू लागले.

"उठून उभं राहणं हा गुन्हा नाही," न्यायाधीश मॅडम म्हणाल्या. "खुर्ची बाजूला ठेवून उरतं काय, ते मी पाहते. लग्नाला सात वर्षं व्हायच्या आतलं मरण, ते कायदा संशयानेच पाहतो. मरणाच्या तोंडावरचा निरोप. आणि कोर्टालाच फसवू पाहणारी व्यक्ती साक्षीदारांना सुखाने बोलू देईल, असं मला वाटत नाही. खरंखोटं खटल्यात ठरेल. आज जामीन नाही."

यमुनाबाई महिला पोलिसांबरोबर गेल्या. चालतच. आप्पासाहेबही डोळे पुसत गेले. मी मात्र तिथेच राहिले.

नागोरावांनी माझ्या पाठीवरची अक्षरं वाचली. मग पूल ओलांडून, मला रिकामीच ढकलत ते शनिवार पेठेत आले.

"भाड्याने तुम्ही नेली नव्हती," बापूराव म्हणाले. "मग ही हमाली कशाला?"

"दुसऱ्याची होती. तिथं टाकून येववलं नाही," नागोराव म्हणाले. मग माझ्या गादीवरची धूळ झटकत, "मीही दिली होती जी एक. सांभाळा म्हणून."

बापूरावांना प्रत्येक गिऱ्हाइकासाठी एक टोमणा तयार असतो. त्या दिवशी त्यांनी नुसतं स्टूल पुढे सरकवलं आणि दोन चहा सांगितले.

मित्रांनो, माझ्या चाकांना अधूनमधून तेल द्या, पावसात मला बाहेर ठेवू नका. नेलीत तर आठवणीने परत करा. आणि लेक कुणाची घरी आणलीत, तर तिला निदान भाड्याच्या खुर्चीइतकं तरी जपा. आमची मोडतोड भरून देता येते.