थंड न होणारं नळकांडं

पत्र्याच्या गोदामापुढची रांग दोन दिवस हटत नव्हती. आत ऊबबाबा बसला होता आणि त्याच्यापुढे विटांवर मुठीएवढं लोखंडी नळकांडं. ना विस्तव, ना वायर, तरी तापलेलं.

"हे माझं बारा वर्षांचं तप," असं म्हणत बाबा चिमट्याने ते एकेकाच्या गुडघ्याजवळ धरी. "उलटी झाली तर घाबरायचं नाही. रोग बाहेर पडतोय."

सकाळपासून अकरा जणांचा रोग बाहेर पडला होता. बाबाही दोनदा मागच्या दाराने जाऊन ओकून आला. लोकांचं दुखणं तो अंगावर घेतो, असं रांगेने ठरवून टाकलं.

रांगेच्या शेवटाकडे एका रसायनशास्त्रज्ञ बाईंची मावशी उभी होती. भाची तिला न्यायला आली.

"मावशी, घरी चल."

"तुझ्या प्रयोगशाळेने माझे गुडघे बरे केले का? नाही ना? मग तो फळा वाच. शिकलेली आहेस."

दारावरच्या फळ्यावर बाबाने पुरावा लिहून घेतला होता. नळकांडं बुडवल्यावर बादलीतलं दहा लिटर गार पाणी पाच अंशांनी तापायला लागलेला वेळ: काल सकाळी चौदा मिनिटं, काल संध्याकाळी चौदा, आज सकाळी चौदा.

किरणोत्सारी मूलद्रव्यांची उष्णता मोजण्यात बाईंची वीस वर्षं गेली होती. त्यांनी मावशीचा दंड धरला, तिला रस्त्यापलीकडे ओढलं आणि तिथून सगळ्यांना मागे व्हायला सांगितलं.

"पोटात दुखतंय हिच्या," रांगेतून कुणीतरी म्हणालं.

"तापवलेली वस्तू बादलीगणिक निवत जाते," बाई म्हणाल्या. "ही निवत नाही. म्हणजे उष्णता साठवलेली नाही, आत तयार होतेय. काही न जळता एवढी उष्णता येते ती अणू फुटल्यामुळे. त्यांची ऊब जाणवते, किरण जाणवत नाहीत. उलट्या त्या किरणांच्या आहेत. बाबा, कुठून आणलंत हे?"

आवाज ऐकून दाराशी आलेल्या बाबाने स्वतःच्या तळहातांकडे पाहिलं. ते सुजून लाल झाले होते.

"भंगारातून," तो म्हणाला. "भोवती जाड शिसं होतं. ते विकलं."

रांग पांगली. त्या अकरा जणांपैकी चौघे दगावले आणि त्यांच्यामागून बाबाही. मावशीचं रक्त दोनदा तपासलं, तिचं निभावलं.

चमत्कार दिसला की हात जोडण्याआधी एवढंच विचारा: हे येतं कुठून? आणि उत्तर मिळेपर्यंत लांब उभे राहा.